नोरा गेली, पण आपल्याकडची बाई जाईल कुठे?

प्रश्न : माझी मुलगी बी.ए.ला इंग्रजी घेऊन शिकते. तिला ‘अ डॉल्स हाउस’ हे नाटक अभ्यासाला आहे. बीबीसीनं टीव्हीसाठी केलेलं त्याचं रूप आम्ही दोघींनी तिच्या मोबाइलवर पाहिलं. मला इंग्रजी फारसं येत नाही. ती मध्ये मध्ये थांबवून सांगत होती. शेवटी नोरा तीन लेकरं टाकून निघून जाते तेव्हा मला तिचा रागच आला. पण दोन दिवस झाले, ती डोक्यातून जात नाही. मुळात शेवट असाच आहे, की टीव्हीवाल्यांनी तसा केला? मराठीत हे कुणी केलंय का? आणि आपल्याकडची बाई अशी दार ओढून निघाली, तर जाईल कुठे?
— एक वाचक, बजाजनगर, वाळूज

उत्तर : ताई, शेवट मुळातलाच आहे. हेन्रिक इब्सेन या नॉर्वेच्या नाटककारानं तो तसाच लिहिला. नाटकाचं पुस्तक 4 डिसेंबर 1879 रोजी कोपनहेगनमध्ये निघालं, आणि 21 डिसेंबरला तिथल्याच रॉयल थिएटरात पहिला प्रयोग झाला. पहिल्या आवृत्तीच्या आठ हजार प्रती महिनाभरात संपल्या. नाटकाचं पुस्तक एवढं खपणं ही तेव्हा साधी गोष्ट नव्हती. लोकांनी ते विकत घेतलं, वाचलं आणि त्यावरून घराघरांत वाद घातले.

तुम्हाला आलेला राग तेव्हाही पुष्कळांना आला होता. जर्मनीत हेडविग नीमान-राबे नावाची मोठी नटी नोराची भूमिका करणार होती. आपण स्वतः मुलांना सोडून कधीच जाणार नाही, म्हणून हा शेवट करणार नाही, असं तिनं सांगितलं. परक्या देशात इब्सेनच्या हक्कांना कायद्याचं संरक्षण नव्हतं. दुसरा कुणीतरी शेवटाची वाट लावणार, त्यापेक्षा आपणच बदललेला बरा, असा विचार करून त्यानं 1880 साली जर्मन रंगभूमीसाठी वेगळा शेवट लिहून दिला. त्यात नवरा नोराला मुलांच्या खोलीच्या दाराशी ओढत नेतो, झोपलेली मुलं दाखवतो, ती तिथंच कोसळते आणि पडदा पडतो. इब्सेनला हा शेवट नाटकावरचा रानटी अत्याचार वाटत होता आणि ते त्यानं लपवून ठेवलं नाही. पुढे जर्मनीतही मूळ शेवटच चालला. इंग्लंडात 1884 साली ‘ब्रेकिंग अ बटरफ्लाय’ नावानं याचं जे रूपांतर झालं, त्यात नवरा सगळं स्वतःच्या अंगावर घेतो आणि बायको घरातच राहते. तेव्हा शेवट बदलायची खोड आजच्या मालिकावाल्यांनी लावलेली नाही. ती या नाटकाइतकीच जुनी आहे.

तुम्ही पाहिलेलं रूप बहुधा 1992 सालचं असावं. त्यात ज्युलिएट स्टीव्हन्सन नोरा होती, ट्रेव्हर ईव्ह तिचा नवरा टोरवाल्ड, आणि दिग्दर्शक डेव्हिड थॅकर. ते मूळ नाटकाशी इमान राखून आहे. टीव्हीनं या नाटकाला पहिल्यांदा हात लावला तो काही तेव्हा नव्हे. 1959 साली अमेरिकेत ज्युली हॅरिस आणि क्रिस्टोफर प्लमर यांना घेऊन ते टीव्हीवर झालं. जाहिरातींसकट दीड तासात बसवायचं म्हणून बरीच काटछाट करावी लागली. मला सगळ्यांत विचार करायला लावतं ते 1974 सालचं जर्मन टीव्हीवरचं ‘नोरा हेल्मर’. राइनर वेर्नर फासबिंडरनं ते आरसे, काचा आणि जाळ्या यांच्या आडून चित्रित केलं. पात्रं एकमेकांशी बोलतात, पण आपल्याला ती कुठल्यातरी काचेतून दिसतात. आणि त्यानं नोराला घराबाहेर पाठवलं नाही. हजारो घरांत हेच भांडण होतं आणि बाई बहुतेक वेळा जात नाही, अशी त्याची भूमिका होती. मला तो निर्णय पटत नाही, पण त्यामागं नीमान-राबेबाईंची भीती नव्हती हेही खरं. त्यांना घर वाचवायचं होतं. याला घराचा तुरुंग पुरता दाखवायचा होता.

टीव्हीवर हे नाटक जमतं याचं कारण साधं आहे. सगळं नाटक एका दिवाणखान्यात घडतं, नाताळच्या तीन दिवसांत. मैदानं नाहीत, लढाया नाहीत. घरात बसून पाहणारा माणूस दुसऱ्याच्या घरात डोकावतो आहे, एवढंच. नाट्यगृहात विसाव्या रांगेतून आपल्याला पूर्ण खोली दिसते: दारं, पियानो, नाताळचं झाड, आणि त्यात फिरणारी एक बाई. ती त्या खोलीत अडकली आहे हे डोळ्यांनाच कळतं. कॅमेरा जवळ गेला की खोली सुटते आणि चेहरा उरतो. त्यामुळे टीव्हीवर नोराचं खोटं बोलणं अंगावर येतं: नवऱ्यानं बंदी घातलेला गोड खाऊ तोंडात लपवून ‘नाही खाल्ला’ म्हणणारी, आणि त्याच क्षणी डोळ्यांत धाक असलेली. पण एक नुकसानही होतं. रंगमंचावर दारापाशी पत्रपेटी सतत दिसत असते. तिच्यात धमकीचं पत्र पडून आहे, आणि किल्ली फक्त नवऱ्याकडे आहे. नोरा नाचते, हसते, नवऱ्याला रिझवते आणि प्रेक्षकाचं लक्ष त्या पेटीवरून हलत नाही. टीव्हीवर दिग्दर्शक दाखवेल तेव्हाच पेटी दिसते. तुमच्या मुलीला परीक्षेत ‘नाटक आणि टीव्हीरूप यांतला फरक’ विचारला, तर दाराऐवजी या पेटीवर लिहायला सांगा.

आता तुमच्या रागाकडे येतो. ‘लेकरं टाकून गेली’ हे शेवटच्या पाच मिनिटांत दिसतं. पण नाटकातली खरी गोष्ट आठ वर्षं आधीची आहे. लग्नानंतर लवकरच नवरा आजारी पडला. हवापालटासाठी दक्षिणेला, इटलीला नेलं नाही तर वाचणार नाही, असं डॉक्टरांनी नोराला एकटीला सांगितलं. पैसे नव्हते. नवरा कर्जाच्या नावानं भडकणारा. आणि त्या काळच्या कायद्यानं बायकोला नवऱ्याच्या संमतीशिवाय कर्ज काढता येत नव्हतं. मग तिनं वडिलांना जामीन दाखवलं आणि त्यांची सही स्वतः केली. वडील 29 सप्टेंबरला वारले होते. कागदावरच्या सहीखाली तारीख 2 ऑक्टोबर. मेलेल्या माणसानं तीन दिवसांनी सही केली! या तीन दिवसांत सगळं नाटक आहे. तिनं चोरी केली नाही, चैन केली नाही. नवऱ्याचा जीव वाचवला, शिवण, भरतकाम, नकलाकाम करून हप्ते फेडले, घरखर्चातले पैसे वाचवले आणि हे त्याला कधी कळू दिलं नाही. सत्य बाहेर आल्यावर आपला नवरा दोष स्वतःवर घेईल, असं तिला वाटत होतं. तो तिला ढोंगी म्हणाला, गुन्हेगार म्हणाला, मुलं तुझ्या हाती देणार नाही म्हणाला. पुढच्याच क्षणी सावकारानं कागद परत पाठवला, तेव्हा म्हणाला, ‘वाचलो!’ आपण दोघं नव्हे, तो वाचला.

ताई, वाळूजला हे समजावून सांगायची गरज पडू नये. 1980च्या दशकात तिथं एमआयडीसी उभी राहिली, 1985 साली बजाजचा कारखाना सुरू झाला, आणि जालना, बीड, परभणी, बुलडाण्याकडची कुटुंबं कामासाठी येऊन रांजणगाव, पंढरपूर, जोगेश्वरी, कमळापूरच्या खोल्यांतून राहू लागली. आज तिथल्या गल्लीगल्लीत महिलांचे बचत गट आहेत, बायकांच्या नावानं कर्ज देणाऱ्या कंपन्यांचे वसुलीवाले आहेत. नोराला सही करायची परवानगी नव्हती. आज सही बाईचीच लागते. पण पैसा कशाला लागला, कुणी खर्च केला आणि हप्ता थकला तर गटातल्या बायकांपुढं मान कुणी खाली घालायची, हे ज्यांनी पाहिलं आहे त्यांना नोराच्या पोटात पडलेला गोळा पुस्तकाविना कळतो. दीडशे वर्षांत अधिकार आला; तरी जिथं निर्णय नवऱ्याचा आणि परतफेड बायकोची, तिथं नोरा अजून तशीच उभी आहे.

या नोरामागं एक खरी बाई होती. तिचं नाव लॉरा कीलर. इब्सेनच्या ओळखीची लेखिका. तरुणपणी तिनं त्याच्या ‘ब्रांद’ या नाटकाला उत्तर म्हणून एक कादंबरी लिहिली होती. तिचा नवरा व्हिक्टर क्षयानं आजारी पडला. त्याला इटलीला नेण्यासाठी तिनं त्याच्या नकळत कर्ज काढलं. ते फेडता येईना, तेव्हा मदत व्हावी म्हणून इब्सेनकडे हस्तलिखित पाठवलं; त्यानं शिफारस करायला नकार दिला. अखेर तिनं खोटी हुंडी केली, ती पकडली गेली. नवऱ्यानं तिला वेड्यांच्या इस्पितळात टाकलं आणि मुलं काढून घेतली. पुढे मुलांसाठी ती त्याच्याच घरी परत गेली. म्हणजे खऱ्या नोरानं दार ओढलं नाही. दार तिच्या तोंडावर बंद झालं, आणि ते पुन्हा उघडावं म्हणून तिला विनवणी करावी लागली. इब्सेननं तिची गोष्ट घेतली आणि तिला जमलं नाही ते नोराला करू दिलं. लॉराला या प्रसिद्धीचा आयुष्यभर त्रास झाला, हेही या नाटकाच्या हिशेबात धरायला हवं.

आता पुन्हा शेवटाकडे. नोरा जाते त्याआधी काय होतं ते आठवून पाहा. ती सणाचा, नाचाचा पोशाख उतरवते आणि रोजचे कपडे घालून येते. नवऱ्याला टेबलाशी समोर बसवते. आठ वर्षांत आपण दोघं एकदाही गंभीरपणे बोललो नाही, असं त्याला सांगते. हे बोलणं हेच नाटकाचं शिखर आहे. दाराचा आवाज नंतरचा. इब्सेनच्या आधी नाटकं रडारडीनं, मरणानं किंवा मिलनानं संपत. त्यानं नवरा-बायकोला समोरासमोर बसवून बोलायला लावलं, आणि रंगभूमी तिथं बदलली. टीव्हीरूप चांगलं की वाईट हे मी याच एका कसोटीवर ठरवतो: दिग्दर्शक या संभाषणात धीर धरतो का? संगीत लावतो का, अश्रूंवर कॅमेरा नेतो का, मुलांचे निरागस चेहरे मध्ये घालतो का? मुलांचा चेहरा घातला की निकाल लागला. प्रेक्षक नोराविरुद्ध मत देऊन मोकळा होतो. इब्सेननं मुलांना त्या वेळी झोपवून ठेवलं, ते उगाच नाही.

मराठीत कुणी केलं का? केलं, आणि बऱ्याच आधी केलं. नॉर्वेचं वारं मुंबईत आलं ते मात्र आधी इब्सेनच्या नव्हे, त्याचा समकालीन ब्यर्नसन याच्या नाटकातून. 1 जुलै 1933 रोजी ‘नाट्यमन्वंतर’ संस्थेनं श्री. वि. वर्तकांचं ‘आंधळ्यांची शाळा’ रंगभूमीवर आणलं. ते ब्यर्नसनच्या नाटकाचं रूपांतर होतं. लग्नाआधीच्या चारित्र्याचा जो नियम मुलीला, तोच मुलाला का नाही, हा त्यातला प्रश्न. त्यात ज्योत्स्ना भोळे यांनी काम केलं. बायकांच्या भूमिका बायकांनी करणं तेव्हा अजून नवं होतं. हे महत्त्वाचं आहे. नोरासारखी भूमिका पुरुष नटानं साडी नेसून केली असती तर ती कितीही सुंदर झाली असती, तरी शेवटचं संभाषण त्याच्या तोंडी पोचलं नसतं, असं माझं ठाम मत आहे. बाईनं बाईसाठी बोलायची ती जागा आहे.

मग 1941 साली अनंत काणेकरांनी ‘अ डॉल्स हाउस’ मराठीत आणलं, ‘घरकुल’ नावानं. आणि लगेच 1942 साली मो. ग. रांगणेकरांच्या ‘नाट्यनिकेतन’नं ‘कुलवधू’ केलं. ते भाषांतर नाही, रूपांतरही नाही. पण नोराची सावली त्यावर स्पष्ट आहे. ज्योत्स्नाबाईंची भानुमती सिनेमात काम करते, नाव आणि पैसा कमावते, आणि ते तिच्या नवऱ्याला, देवदत्तला, सोसत नाही. संगीत मास्टर कृष्णरावांचं. त्यातली पदं घराघरांत पोचली, इतकी की पुष्कळांना नाटकाचा विषय आठवत नाही, चाली आठवतात. (झी मराठीवर पुढे याच नावाची मालिका आली होती, पूर्वा गोखले आणि सुबोध भावे यांची. नाव तेवढं सारखं. रांगणेकरांच्या नाटकाशी तिचा संबंध नाही.)

‘कुलवधू’ मला फार बोलका पुरावा वाटतो. रांगणेकरांनी नोराचा प्रश्न उचलला आणि त्यात एक भारतीय धार आणली. नोरा लपून कमावत होती, चोरून फेडत होती. भानुमती उघड कमावते. म्हणजे पैशानं मोकळं होता येतं, हे गृहीत धरलं तर ती मोकळी असायला हवी होती. पण कमावत्या बायकोचा नवऱ्याला सल असतो, हे 1942 साली रांगणेकरांनी नेमकं पकडलं. तुमच्या वाळूजच्या कारखान्यांत पाळी करून आलेली कुठलीही बाई ते आजही सांगेल. शेवटी भानुमती नवऱ्यापासून दूर होते, पण सासरशी नातं तोडत नाही. नाटकाचं नावच तिला त्या घराशी बांधून ठेवतं. काही समीक्षकांना ही तडजोड वाटली. मला ती रांगणेकरांना अडलेल्या एका खऱ्या प्रश्नाची खूण वाटते. तो प्रश्न तुम्ही तुमच्या पत्राच्या शेवटी विचारलाय: जाईल कुठे?

नोराला हा प्रश्न पडत नाही, कारण तिचे वडील वारलेले आहेत. ती जुन्या गावी जाईन म्हणते, पण तिथं तिची वाट पाहणारं कुणी नाही. आपल्याकडे बाई निघाली की निघते माहेरी. मराठी कथा-नाटकांत, आणि घराघरांतही, पुढचा प्रसंग ठरलेला असतो. आई भाकरी वाढते, रात्री पाठीवरून हात फिरवते आणि सकाळी म्हणते, ‘बाई, दिल्या घरी सुखी राहा.’ आठ दिवसांनी भाऊ मोटारसायकलवर बसवून परत पोचवून येतो. म्हणून आपल्या नोरापुढं दोन दारं आहेत. पहिलं ती ओढते. दुसरं कुणीतरी आतून उघडावं लागतं. मराठी नाटकाची आणि मराठी समाजाचीही परीक्षा त्या दुसऱ्या दारापाशी होते, असं मला मनापासून वाटतं.

ही नुसती नाटकातली गोष्ट नाही. नोरा कोपनहेगनच्या रंगमंचावर आल्यानंतर पाचच वर्षांनी, 1884 साली, मुंबईत दादाजी भिकाजी या गृहस्थानं हायकोर्टात दावा लावला: माझी बायको नांदायला येत नाही, तिला पाठवा. ती बायको म्हणजे रखमाबाई. अकराव्या वर्षी लग्न झालेलं. ती सासरी गेलीच नव्हती, आणि माझ्या संमतीशिवाय झालेलं लग्न मी मानत नाही, म्हणत होती. 1885 साली न्यायमूर्ती पिन्हे यांनी तिच्या बाजूनं निकाल दिला. अपिलात तो फिरला, आणि 1887 साली नवऱ्याकडे जा नाहीतर सहा महिने तुरुंगात जा, असा हुकूम झाला. रखमाबाई तुरुंगात जायला तयार झाली. अखेर 1888 साली दोन हजार रुपयांवर तडजोड झाली. नंतर ती लंडनला जाऊन डॉक्टर झाली आणि सुरतेला, राजकोटला तिनं वर्षानुवर्षं बायकांची सेवा केली. योगायोग म्हणा, पण नॉर्वेत विवाहित स्त्रीला कायद्यानं स्वतंत्र व्यक्ती मानलं तेही त्याच 1888 साली. रखमाबाईच्या धैर्याबद्दल सगळे बोलतात, आणि बोलायलाच हवं. पण ती हे करू शकली त्यामागं तिच्या सावत्र वडिलांचं, डॉ. सखाराम अर्जुन यांचं घर होतं. त्या घरानं तिला परत पोचवलं नाही.

आणि याच दुसऱ्या दारावर मराठीतलं माझ्या मते सगळ्यांत मोठं उत्तर लिहिलं गेलं ते तुमच्याच गावाकडच्या लेखकाकडून. प्रशांत दळवी आणि चंद्रकांत कुलकर्णी हे दोघं तेव्हाच्या औरंगाबादचे, तिथल्या ‘जिगीषा’ या नाट्यसंस्थेत वाढलेले. संस्थेतली ती मंडळी पुढे मुंबईला गेली. 1991 साली दळवींनी लिहिलेलं आणि कुलकर्णींनी बसवलेलं ‘चारचौघी’ आलं. दीपा श्रीराम, वंदना गुप्ते, आसावरी जोशी आणि प्रतीक्षा लोणकर अशा चौघी त्यात होत्या. लोणकरांना तुम्ही पुढे दूरदर्शनवर ‘दामिनी’त रोज पाहिलं असेल. 2022 साली चंद्रकांत कुलकर्णींनीच ते पुन्हा उभं केलं. रोहिणी हट्टंगडी, मुक्ता बर्वे, कादंबरी कदम, पर्ण पेठे यांना घेऊन.

यातली थोरली लेक, विद्या, प्राध्यापिका आहे. नवऱ्याचं दुसरीकडे जुळल्याचं कळल्यावर ती आईच्या घरी येते. मग तो प्रसिद्ध प्रसंग: ती फोनवर नवऱ्याशी बोलते, बोलत राहते, आणि आपल्याला फक्त तिचंच ऐकू येतं. त्याची वाक्यं आपण तिच्या चेहऱ्यावरून वाचायची. ताई, तुम्ही पाहिलेल्या टीव्हीरूपातल्या शेवटच्या संभाषणाशेजारी हा प्रसंग ठेवून पाहा. इब्सेननं नवऱ्याला समोर बसवलं आणि बोलायची संधी दिली. त्यात तो स्वतःच्याच तोंडानं उघडा पडला. दळवींनी नवऱ्याला रंगमंचावर जागाच दिली नाही. आणि विद्या लेकीवरचा हक्क सोडायला तयार होत नाही. तुम्हाला नोराचा जो राग आला, त्याला मराठी नाटकानं दिलेलं हे सरळ उत्तर आहे: घर सोडेन, मूल सोडणार नाही.

पण मला त्या नाटकात सगळ्यांत जास्त भिडते ती आई. तिनं स्वतः लग्नाचा शिक्का न घेता, एका विवाहित पुरुषावर प्रेम करून तीन मुली वाढवल्या. लोकांचं बोलणं आयुष्यभर ऐकलं. त्या आईच्या घरात विद्या परत येते, आणि कुणी तिला ‘दिल्या घरी’ म्हणत नाही. विद्याच्या फोनला जे बळ आहे ते त्या घरातून येतं. फोनच्या या टोकाला माहेर उभं आहे, म्हणून ती त्या टोकाशी इतकं मोकळं बोलू शकते.

टीव्हीवर याच जातीची बाई अलीकडे ज्या रूपात मराठी घरांत पोचली, ते म्हणजे ‘आई कुठे काय करते!’मधली अरुंधती. स्टार प्रवाहवर ती मालिका 2019च्या डिसेंबरात सुरू झाली आणि 2024 पर्यंत चालली. ती बंगालीतल्या ‘श्रीमोयी’वरून घेतलेली, हिंदीत तीच ‘अनुपमा’ झाली. मधुराणी प्रभुलकरांची अरुंधती पंचवीस वर्षं घर सांभाळते, नवऱ्याचं प्रकरण कळतं, घटस्फोट घेते, गाण्याकडे वळते, दुसरं लग्न करते. नाटकातल्या जाणकारांनी अशा मालिकांकडे पाठ फिरवू नये, असं मला वाटतं. इब्सेनला जे अडीच तासांत सांगायचं होतं त्याला इथं पाच वर्षं लागली. वाटेत पुष्कळ पाणी घातलं गेलं, हे मान्य. पण सासरे अप्पा सुनेच्या पाठीशी उभे राहतात, ते लाखो सासऱ्यांनी रोज संध्याकाळी पाहिलं. 1942च्या भानुमतीला रांगणेकरांनी सासरशी जोडून ठेवलं, त्याचाच हा दूरचा नातेवाईक. दुसरं दार कधी माहेरचं असतं, कधी सासऱ्याचंही असू शकतं.

आता कायद्याचं थोडक्यात सांगतो, कारण तुमच्या प्रश्नाचा तोही भाग आहे. 2005च्या कौटुंबिक हिंसाचारापासून संरक्षण देणाऱ्या कायद्यानं बाईला नवऱ्याबरोबर राहत असलेल्या घरात राहण्याचा हक्क दिला आहे, ते घर कुणाच्याही नावावर असो. पैशाची कोंडी करणं हाही त्या कायद्यात छळच मानला आहे. म्हणजे आजच्या नोराला निघूनच जावं लागेल असं नाही. तिला घरात राहूनही ‘आता बसून बोलू’ म्हणता येतं. एमआयडीसीतल्या एका खोलीच्या संसारात हा हक्क वापरणं सोपं नाही, हे मला ठाऊक आहे. तरी तो आहे, आणि नोराला तो नव्हता.

आणखी एक सांगायचं राहिलं, ते तुमच्या ‘लेकरं टाकून’ या शब्दांवरून. नाटकात अ‍ॅन-मरी नावाची म्हातारी दाई आहे. तिनंच नोराला लहानपणी वाढवलं, आता नोराची मुलं वाढवते. दुसऱ्या अंकात नोरा तिला विचारते, तू स्वतःचं मूल परक्यांच्या हाती कसं दिलंस? ती सांगते, गरीब, फसलेल्या पोरीला चांगली नोकरी मिळत होती, तर द्यावंच लागलं. मुलीनं तिला आयुष्यात दोन पत्रं पाठवली, एक धर्मदीक्षेच्या वेळी आणि एक लग्न झाल्यावर. बस, एवढाच संवाद. नाटक पुढं जातं. ही बाईसुद्धा लेकरू टाकूनच आली होती, पण तिच्यावर जगात कुणी रागावलं नाही, कुठल्या नटीनं तिच्यासाठी शेवट बदलायला लावला नाही, कारण ती पोटासाठी गेली होती, आणि दुसऱ्याच्या मुलांसाठी. ज्या बायका लेकरं गावी सासूजवळ, आईजवळ ठेवून कामाला येतात, त्यांना या दोन पत्रांचं वजन कळेल. टीव्हीरूपांत वेळ वाचवायचा म्हणून दाईच्या वाट्याचं बोलणं आखूड होतं, आणि मला ते दर वेळी खटकतं. नोरा जाताना मुलांना कुणाच्या हाती सोडून जाते? याच दाईच्या, जिनं स्वतः तिला वाढवलं. इब्सेननं ते आधीच पेरून ठेवलं होतं.

तेव्हा पुन्हा पाहाल तर दुसऱ्या अंकातल्या त्या जागी मुलीला थांबवायला सांगा आणि दाई काय म्हणते ते सावकाश समजून घ्या. मग ‘चारचौघी’चं छापील पुस्तक मिळवून विद्याचा फोन मोठ्यानं वाचा, एकीनं विद्या व्हायचं आणि दुसरीनं न ऐकू येणारी नवऱ्याची वाक्यं काय असतील ते कागदावर लिहायचं. मुलीच्या अभ्यासाला त्याचा उपयोग होईल. तुम्ही काय लिहिलंत ते मला कळवलंत, तर या सदरात छापायला आवडेल.